हातात मावणारे जेवण : ज्यू स्वयंपाकघरातील क्निश आणि आपल्या घरातील वडीलधारी माणसे

वय वाढते तशी भूक मंदावते, हे आपण सारेच जाणतो. परंतु ती किती मंदावली म्हणजे काळजी करावी, हे फार थोड्या घरांत ठाऊक असते. एक साधे माप लक्षात ठेवावे. वजन कमी करण्याचा कोणताही प्रयत्न नसताना सहा महिने ते वर्षभरात वृद्ध व्यक्तीचे वजन पाच टक्क्यांनी घटले, म्हणजे ६० किलोंचे ५७ झाले, तर ती गोष्ट ‘वयाचा परिणाम’ म्हणून सोडून देऊ नये. उतारवयात वजन उतरते तेव्हा केवळ चरबी जात नाही, स्नायूही झिजतात. मग उठताना आधार लागू लागतो, पाय लटपटतो, पडण्याचे प्रसंग येतात, जखम भरण्यास विलंब होतो. अशा वेळी प्रथम डॉक्टरांकडे जावे. थायरॉईड, नैराश्य, दातांचे दुखणे, एखादे औषध किंवा अधिक गंभीर आजार यांपैकी काही त्यामागे नाही ना, याची खात्री करून घ्यावी.

तपासण्यांत काही विशेष आढळले नाही, तर मात्र प्रश्न पुन्हा स्वयंपाकघरात येऊन उभा राहतो. वृद्ध माणूस जेवत नाही, तेव्हा अनेकदा अन्नाची इच्छा नसते असे नाही. जेवण्याची क्रियाच त्याला जड झालेली असते. पोळी तोडायची, तिचा तुकडा भाजीला लावायचा, न सांडता तोंडापर्यंत न्यायचा, सैल झालेल्या कवळीने चावायचा. चाळिशीत जे सहज घडते त्यालाच ऐंशीत कष्ट पडतात. माझ्याकडे येणारे एक निवृत्त शिक्षक हाताला कंप असल्याने घरच्यांबरोबर जेवायला बसेनासे झाले होते. ‘‘सांडते हो डॉक्टर. सर्वांचे झाले की बसतो,’’ असे ते म्हणत. सर्वांचे झाल्यावर बसणारा माणूस अर्धेच जेवतो. त्यांच्या सूनबाईंना मी औषध लिहून दिले नाही. एका हातात धरता येईल, सांडणार नाही आणि चार घासांत पोषण देईल असे काही दिवसातून एकदा करून पाहा, एवढेच सुचविले.

असे पदार्थ आपल्याकडे आहेतच. परंतु त्यांतील पुष्कळसे तळलेले किंवा गोड असतात. भट्टीत भाजलेल्या, तिखटमिठाचे सारण भरलेल्या पदार्थांची समृद्ध परंपरा पाहावयाची तर ती जगभर विखुरलेल्या ज्यू समाजाच्या स्वयंपाकघरात पाहावी. आज त्यांतील एक पदार्थ, क्निश, आपण घरी करणार आहोत. आणि तो करताना वडीलधाऱ्यांच्या प्रकृतीला काय जपावे तेही पाहणार आहोत.

तीन प्रदेश, तीन पदार्थ

क्निश हा पूर्व युरोपातील, मुख्यतः युक्रेन आणि पोलंडच्या परिसरातील ज्यूंचा पदार्थ. पीठ, बटाटा आणि कांदा ही गरिबाघरची सामग्री. तिच्यातून पोटभरीचा, कामावर नेता येईल असा पदार्थ घडला. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस लाखो ज्यू कुटुंबे अमेरिकेस गेली, त्यांच्याबरोबर तो न्यूयॉर्कच्या कामगारवस्तीत पोहोचला. तेथील ईस्ट ह्यूस्टन रस्त्यावर यॉना शिमेल यांच्या नावाचे क्निशचे दुकान १९१० पासून आहे.

दुसरा पदार्थ बोरेकास. १४९२ मध्ये स्पेनमधून हद्दपार झालेल्या ज्यूंना ऑटोमन साम्राज्यात आश्रय मिळाला. सलोनिका, इझमीर, इस्तंबूल या शहरांत स्थिरावताना त्यांनी स्पेनच्या सारण भरलेल्या पदार्थांची तुर्की ‘बोरेक’शी सांगड घातली. चीज, पालक, बटाटा, भाजलेले वांगे ही त्यांची सारणे. शनिवारी सकाळच्या न्याहारीला बोरेकासबरोबर मंद आचेवर रात्रभर उकडलेली अंडी ठेवण्याची त्यांची रीत आहे.

तिसरा पदार्थ बगदादच्या ज्यूंचे संबुसक. आकार आपल्या करंजीसारखा, आत वाटलेले काबुली चणे किंवा चीज. ‘संबुसक’ आणि आपला ‘समोसा’ हे दोन्ही शब्द एकाच फारसी मुळातून आलेले आहेत. हा समाज आपल्याला परका नाही. १८३२ मध्ये मुंबईस आलेले डेव्हिड ससून हे बगदादचे ज्यू. पुण्याचे ससून रुग्णालय आणि मुंबईचे ससून डॉक ही नावे त्याच घराण्याची. कोकणात शतकानुशतके राहिलेल्या, मराठी बोलणाऱ्या बेने इस्राएल समाजाची परंपरा वेगळी. पण धर्मनियम तोच. मांस आणि दूध एकत्र खाऊ नये, म्हणून त्यांच्या रश्शात नारळाचे दूध येते.

या तीनही पदार्थांमागे काही साध्या व्यवस्था आहेत आणि त्या वृद्धांची शुश्रूषा करणाऱ्यांच्या फार उपयोगी पडतात.

पहिली व्यवस्था आकाराची. क्निश तळहातावर मावतो. कापावा लागत नाही, कालवावा लागत नाही. हाताला कंप असलेले, एका हातात शक्ती कमी असलेले, किंवा स्मृतिभ्रंशामुळे चमचा कसा वापरावा हेच विसरलेले वृद्धही तो स्वतः उचलून खाऊ शकतात. भरविलेल्या चार घासांपेक्षा स्वतःच्या हाताने खाल्लेले दोन घास माणसाला अधिक मानाने जगवतात.

दुसरी व्यवस्था खुणेची. मांस खाल्लेल्या माणसाला चीजचा पदार्थ चालत नाही, म्हणून आत काय आहे हे बाहेरून कळणे आवश्यक ठरते. इस्राएलमध्ये चीजचे बोरेकास सहसा त्रिकोणी आणि बटाट्याचे चौकोनी करतात, ते यासाठीच. आपल्या घरात एकाला मधुमेह, दुसऱ्याला मूत्रपिंडाचा विकार आणि नातवंडांना सर्व काही चालते, अशी स्थिती असेल, तर हीच युक्ती वापरावी. गोल म्हणजे बटाटा, अर्धचंद्र म्हणजे चणे, त्रिकोण म्हणजे पनीर. एकदा ठरविलेली खूण मात्र बदलू नये.

तिसरी व्यवस्था वेळेची. शुक्रवारी सूर्यास्तापासून शनिवारी रात्र पडेपर्यंत, म्हणजे शब्बाथच्या काळात, धर्मनिष्ठ ज्यू घरांत विस्तव पेटवीत नाहीत आणि स्वयंपाक करीत नाहीत. म्हणून आधी भाजून ठेवता येणाऱ्या पदार्थांना तेथे मोठे स्थान आहे. दिवसभर रुग्णाच्या उशाशी असलेल्या माणसालाही हेच हवे असते : सवडीच्या एका तासात करून ठेवावे आणि चार दिवस कामी यावे.

बटाट्याचा क्निश

पुढील प्रमाणात बारा क्निश होतात.

पारीसाठी : कणीक १२५ ग्रॅम, मैदा १२५ ग्रॅम, बेकिंग पावडर पाऊण लहान चमचा, मीठ पाव लहान चमचा, तेल ६० मिलिलिटर, अंडे १, व्हिनेगर १ लहान चमचा, कोमट पाणी सुमारे ८० मिलिलिटर. अंडे चालत नसेल, तर त्याऐवजी तीन मोठे चमचे दही घ्यावे.

सारणासाठी : बटाटे अर्धा किलो, मध्यम कांदे ३, तेल २ मोठे चमचे, ताजी भरड मिरपूड पाऊण लहान चमचा, मीठ अर्धा लहान चमचा.

प्रथम पारी. कोरडे पदार्थ चाळून एकत्र करावेत. तेल, फेटलेले अंडे आणि व्हिनेगर घालून, लागेल तसे पाणी घेत मऊ पीठ मळावे. ते पोळीच्या कणकेइतके सैल असावे. ओल्या फडक्याखाली तासभर मुरू द्यावे. या विसाव्याने पीठ ताणले जाते आणि पातळ लाटता येते.

तोवर कांदे बारीक चिरून, जाड बुडाच्या कढईत अगदी मंद आचेवर पंचवीस ते तीस मिनिटे परतावेत. येथे घाई करू नये. कांदा पांढरा असताना उतरविला तर क्निश सपक होतो. तो गडद सोनेरी होऊन त्याला गोडसर वास सुटला पाहिजे. या कांद्याला आरोग्याच्या दृष्टीनेही महत्त्व आहे. वयोमानाने वास घेण्याची शक्ती कमी होते, त्यामुळे अन्न बेचव वाटते आणि वृद्ध माणसे वरून मीठ घेऊ लागतात. परतलेला कांदा आणि ताजी मिरपूड यांचा दरवळ ती उणीव पुष्कळ अंशी भरून काढतो आणि मिठाचा हात आपोआप आखडता राहतो.

बटाटे साल काढून, मऊ उकडून, गरम असतानाच गुठळी न ठेवता कुस्करावेत. त्यात कांदा, मिरपूड, मीठ घालून सारण पूर्ण गार होऊ द्यावे. गरम सारणाने पारी ओली होऊन फाटते.

पिठाचे बारा उंडे करावेत. प्रत्येक उंडा मोठ्या पुरीएवढा पातळ लाटावा, मध्ये दोन मोठे चमचे सारण ठेवावे, मोदकाप्रमाणे कडा वर जुळवून चिमटाव्यात आणि जोडाची बाजू खाली ठेवून तळहाताने किंचित दाबावे. वरून अंड्याचा बलक किंवा दूध बोटाने लावावे. ओव्हन १९० अंश सेल्सिअसवर आधी तापवून पस्तीस ते चाळीस मिनिटे, वरचा रंग बदामी होईपर्यंत भाजावे. ओव्हन नसेल, तर नानकटाईसाठी करतो तसे करावे : जाड कढईत जाळी ठेवून, झाकण घालून दहा मिनिटे तापवावे आणि जाळीवरील ताटलीत मंद आचेवर सुमारे पाऊण तास भाजावे, मधे एकदा उलटावे.

बाहेर काढल्यावर दहा मिनिटे स्वच्छ फडक्याखाली झाकून ठेवावे. तरुणांना कुरकुरीत पारी आवडते. कवळी वापरणाऱ्यांना मात्र वाफेने मऊ झालेलीच सोयीची पडते. देण्यापूर्वी एक क्निश उघडून पाहावा. वरून कोमट लागला तरी आतील बटाटा बराच वेळ कढत राहतो, आणि वृद्धांच्या तोंडाला भाजल्याचे चटकन कळत नाही.

या प्रमाणातील एका क्निशमध्ये अंदाजे १८० कॅलरी, ४ ग्रॅम प्रथिने आणि बाहेरून घातलेले मीठ अर्ध्या ग्रॅमहून कमी येते. बेकिंग पावडरमध्येही थोडे सोडियम असते, म्हणून ती मोजूनच घालावी. जागतिक आरोग्य संघटना प्रौढांसाठी दिवसाला ५ ग्रॅमहून कमी मिठाची मर्यादा सांगते. त्या हिशेबात हा पदार्थ निश्चिंतपणे बसतो.

प्रथिने वाढवावयाची तर

बटाट्याने पोट भरते. झिजणाऱ्या स्नायूंना मात्र प्रथिने लागतात. प्रकृती बरी असलेल्या वृद्ध व्यक्तीने दररोज वजनाच्या प्रत्येक किलोमागे १ ते १.२ ग्रॅम प्रथिने घ्यावीत, असे पोषणतज्ज्ञ सुचवितात. ५० किलो वजनाच्या आजींना म्हणजे ५० ते ६० ग्रॅम. चहा-बिस्किटांवर दिवस काढणाऱ्यांच्या पोटात याच्या निम्मीही जात नाहीत.

म्हणून सारणात बदल करावा. संबुसकाच्या पद्धतीने रात्रभर भिजवून मऊ शिजविलेले काबुली चणे वाटून, परतलेल्या कांद्यात जिरेपूड घालून भरावेत. चण्यांची साले कवळीखाली अडकतात, म्हणून ती काढून टाकावीत. बोरेकासच्या पद्धतीने अर्ध्या बटाट्याऐवजी घरी केलेले २०० ग्रॅम पनीर कुस्करून घातले, तर प्रत्येक नगातील प्रथिने सुमारे ७ ग्रॅमपर्यंत जातात. विकतच्या प्रक्रिया केलेल्या चीजमध्ये मीठ बरेच असते, ते टाळावे. सोबत एक उकडलेले अंडे किंवा वाटीभर घट्ट वरण दिले, तर छोटे जेवणच पूर्ण होते.

बाजारात मिळणाऱ्या, पापुद्रे सुटलेल्या पॅटिसच्या पारीत अनेकदा वनस्पती तूप किंवा मार्गरिन असते. आपल्या देशात जानेवारी २०२२ पासून खाद्यतेले आणि वनस्पती तूप यांतील ट्रान्स फॅटवर २ टक्क्यांची मर्यादा आली, ही समाधानाची बाब. तरीही त्यांतील संपृक्त चरबी आणि मीठ उरतेच. तेलात मळलेली घरची पारी हृदयविकाराच्या रुग्णांसाठी अधिक बरी.

कोणी काय जपावे

मधुमेह असलेल्यांनी : एका बटाट्याच्या क्निशमध्ये सुमारे २४ ग्रॅम कर्बोदके असतात, म्हणजे एका मध्यम पोळीहून थोडी अधिक. तो पोळीच्या जागी घ्यावा, पोळीवर अधिक म्हणून घेऊ नये. चण्याचे किंवा पनीरचे सारण यांच्यासाठी अधिक योग्य. मात्र साखरेच्या धास्तीने वृद्धांचे खाणे इतकेही तोडू नये की गोळी घेऊन ते उपाशी राहतील. कमी खाणे आणि पूर्ण मात्रेची गोळी हा संयोग धोकादायक ठरतो; खाणे घटले असेल तर मात्रेबद्दल डॉक्टरांना विचारावे.

मूत्रपिंडाचा विकार असलेल्यांनी : बटाट्यात पोटॅशियम भरपूर असते. रक्तातील पोटॅशियम वाढलेले असेल, तर बटाटे साल काढून, पातळ कापून, भरपूर पाण्यात उकडावेत आणि ते पाणी टाकून द्यावे. त्याने पोटॅशियम कमी होते, पूर्णपणे जात नाही. प्रथिनांचे प्रमाणही आपल्या डॉक्टरांच्या सल्ल्यानेच ठरवावे. ‘कमी सोडियम’ म्हणून मिळणाऱ्या मिठात पोटॅशियम क्लोराईड असते. मूत्रपिंडाच्या रुग्णांनी आणि रक्तदाबाच्या काही विशिष्ट गोळ्या घेणाऱ्यांनी ते विचारल्याशिवाय वापरू नये.

वॉर्फरिन घेणाऱ्यांनी : पालकाचे सारण चविष्ट लागते, परंतु पालकातील जीवनसत्त्व ‘के’ या औषधाच्या परिणामावर प्रभाव टाकते. पालक वर्ज्य नाही. मात्र एका आठवड्यात रोज आणि पुढच्या आठवड्यात मुळीच नाही, असे करू नये. प्रमाण स्थिर ठेवावे.

गिळण्यास त्रास असलेल्यांनी : ही सूचना सर्वांत महत्त्वाची. पक्षाघात, पार्किन्सन किंवा पुढच्या टप्प्यातील स्मृतिभ्रंश असलेल्या व्यक्तीच्या घशात कोरड्या पारीचा चुरा अडकू शकतो. जेवताना वारंवार ठसका लागणे, खाल्ल्यानंतर आवाज ओलसर, घरघरता होणे, गालात घास साठून राहणे, पुन्हा पुन्हा छातीत कफ होऊन ताप येणे ही त्याची लक्षणे आहेत. अशा व्यक्तीला पारी देऊ नये. आतील सारण गरम दुधात किंवा पातळ वरणात एकजीव कालवून, त्यांना जो दाटपणा सोसतो त्या दाटपणाचे करून चमच्याने द्यावे आणि गिळण्याची तपासणी करून घ्यावी. इतरांनीही आडवे पडून खाऊ नये. ताठ बसून खावे, घासांमध्ये घोट घ्यावा आणि जेवणानंतर अर्धा तास तरी आडवे होऊ नये.

शुश्रूषा करणाऱ्यांसाठी

आठवड्यातून एक सवडीचा दिवस निवडावा. बारा नग करून त्यांतील चार त्याच दिवशी भाजावेत. उरलेले आठ न भाजता ताटलीत सुटे गोठवून, मग डब्यात भरून फ्रीजरमध्ये ठेवावेत. लागतील तसे काढून तडक ओव्हनमध्ये घालावेत. दहा मिनिटे अधिक लागतात. भाजलेले क्निश दोन तासांहून अधिक वेळ बाहेर राहू देऊ नयेत. फ्रीजमध्ये ते दोन-तीन दिवस टिकतात. देताना झाकण घातलेल्या तव्यावर आतपर्यंत गरम करून, मग कोमट होऊ द्यावेत. वृद्धांना अन्नातून होणारा जंतुसंसर्ग तरुणांपेक्षा महाग पडतो.

देताना एकच नग लहान बशीत द्यावा. भरलेले ताट पाहूनच पुष्कळ वृद्धांची भूक मावळते. बशी रिकामी झाली की दुसरा मागण्यास संकोच वाटत नाही. सकाळी अकरा किंवा दुपारी चार ही वेळ बरी, कारण मुख्य जेवणाची भूक त्याने मरत नाही.

शक्य असेल तर त्यांनाही कामाला लावावे. ज्या हातांनी आयुष्यभर करंज्या आणि मोदक वळले, ते हात पारीच्या कडा चिमटण्याचे काम बसल्या जागी करू शकतात. चार कडा वाकड्या झाल्या तरी बिघडत नाही. सारण बाहेर आले नाही म्हणजे पुरे. स्वतः वळलेला पदार्थ चाखून पाहण्याचा मोह सहसा आवरत नाही.

आणि महिन्याच्या पहिल्या तारखेला, सकाळी, त्याच काट्यावर, त्याच प्रकारच्या कपड्यांत त्यांचे वजन करून दिनदर्शिकेवर लिहून ठेवावे. आकडा स्थिर राहिला तर आपले स्वयंपाकघर योग्य मार्गावर आहे असे समजावे. उतरत राहिला, तर ती दिनदर्शिका घेऊन आपल्या डॉक्टरांकडे जावे.